सरकी पेठेचा मनोरा आणि काळा धूर

“धूर बघायचा. पोरी बघायच्या न्हाईत,” महिपती जमादारांनी मला मनोऱ्यावर चढवताना बजावलं.

मी मान हलवली. मान हलवण्यापलीकडं काही करण्याच्या अवस्थेत मी नव्हतोच. दोन्ही हातांनी शिडी धरली होती आणि डोळे मिटलेले होते. तुला उंचीची भीती वाटते का, हे नोकरी देताना कुणी विचारलं नव्हतं. नाव सर्जेराव असल्यामुळं तशी शंका कुणाला आली नसावी.

आमचा बंबखाना म्हणजे सरकी पेठेच्या तोंडाशी असलेली दगडी इमारत. खाली बंब उभा करायची कमानीची खोली, पुढं रस्त्याला लागून पाण्याचा हौद, वर आम्हा लोकांची निजायची खोली आणि तिच्या डोक्यावर चार खांबांचा मनोरा. फार पूर्वी पेठेतलं सरकीचं गोदाम पेटलं. नदीपलीकडच्या बंबाला वर्दी पोचेपर्यंत अर्धी पेठ जळून गेली. तेव्हा व्यापाऱ्यांनी वर्गणी काढून ही इमारत उठवली. सुरुवातीला बंब ओढायला बैल असायचे आणि ते दिवसा चरायला जायचे, त्यामुळं आग लागली की पहिला माणूस बैल शोधायला धावायचा. ‘आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी’ ही म्हण आमच्या पेठेत कुणाला समजावून सांगावी लागत नसे. पुढं बैल गेले, मोटार आली, पण मनोरा राहिला. तिथं दिवसभर एक माणूस बसायचा आणि धूर दिसला की घंटा बडवायचा.

आता नगरपालिकेनं इमारतीवर फलक लावलाय. त्यात गोदाम आहे, वर्गणी आहे, बैलसुद्धा आहेत. मनोऱ्याबद्दल मात्र ‘टेहळणीसाठी’ एवढंच. फलक लिहिणारे साहेब मला विचारायला आले होते, आणखी काही घालायचं का म्हणून. मी नको म्हणालो. घालण्यासारखं जे होतं ते फलकावर मावलं नसतं, शिवाय त्यात माझीच शोभा झाली असती. आता या वयात ती झाली तर होऊ दे.

धुराचं एक शास्त्र असतं, ते जमादारांनी मला वर बसवून शिकवलं.

“निळसर, पातळ धूर दिसला तर ती भाकरी. तिकडं बघायचं बी न्हाई. पांढरा, दाट असला तर ओलं जळण. एखादी बाई शिव्या देत फुंकत बसली असंल, तिला फुंकू दे. पर काळा दिसला की रॉकेल, न्हाईतर कापड, न्हाईतर गोदाम. काळ्याला घंटा. पांढऱ्याला घंटा मारलीस तर पेठ आपल्या तोंडात शेण घालंल.”

“आणि करडा असला तर?”

“तर मला हाक मार. स्वतःची अक्कल चालवू नगंस.”

हे मी इमानेइतबारे पाळलं. अक्कल अजिबात चालवली नाही. फक्त त्या पहिल्या सूचनेचा उत्तरार्ध तेवढा जमला नाही.

मनोऱ्याच्या समोर, मधली कौलारू घरं ओलांडली की सासनेअण्णांचं घर लागायचं. अण्णांचं पेंडीचं दुकान होतं आणि आवाज दुकानाला शोभेल असा होता. त्यांची थोरली मुलगी शालन परसातल्या धुण्याच्या दगडावर पुस्तक घेऊन बसायची. ती अकरावी पास झाली होती. तिला डी.एड. करायला कोल्हापूरला जायचं होतं, मास्तरीण व्हायचं होतं. आणि अण्णांना ती सासरी जायला हवी होती. हे भांडण मला कुणी सांगावं लागलं नाही. ते मनोऱ्यावर रोज ऐकू यायचं.

“शिकून काय कलेक्टर हुणार हायस?”

“मास्तरीण हुणार हाय.”

“लगीन झाल्यावर हो! नवऱ्याला इचार आणि हो!”

मग दार आपटल्याचा आवाज, मग परसात शालन, दगड आणि पुस्तक. मी वरून हळहळायचो. तिचं दुःख मला समजतं, असं मला वाटायचं. जगात ते समजणारा मी एकटाच, असंही वाटायचं. एवढ्या उंचावर एकटं बसलं की माणसाला काय काय वाटतं! उंटावरच्या शहाण्याला निदान खाली उंट असतो.

तिनं एकदा तरी वर बघावं म्हणून मी पितळी टोप चिंचेनं घासून लखलखीत करायचो आणि भर उन्हात डोक्यावर घालून बसायचो. आत डोकं उकडून निघायचं. रंगा माळी, माझा जोडीदार, बदलीला वर आला की म्हणायचा, “आरं, आग लागली तर टोप घालायचा. तुझ्या डोस्क्यालाच लागलीय व्हय?”

याच रंगानं एक दिवस ती बातमी आणली. शिडीवरून नुसतं डोकं वर काढलं आणि म्हणाला, “आज सासन्यांच्यात पावणं येणार हाईत. मिरजंचं. पोरगा कारखान्यात हाय. अण्णांनी तिकडं जाऊन सगळं ठरवलंय म्हणं. आज पोरगी बघितली की सुपारी फुटलीच.”

“तिला विचारलं का?” मी म्हणालो.

“कुणाला?”

“शालनला.”

रंगा उरलेल्या पायऱ्या चढून वर आला. “सर्ज्या,” तो म्हणाला, “तू खाली ये. मी बसतो वर.”

मी नाही उतरलो. पाहुणे आले ते मी वरून पाहिलं. मुलाचे काका, आत्या, आणि टेरिलिनच्या पांढऱ्या शर्टातला तो स्वतः. दारात पाय धुतले, आत गेले. घंटेचा दोर हाताशीच होता. एक टोला दिला की बंब निघेल, पेठ गोळा होईल आणि निदान आजचा दिवस तरी सुपारी फुटणार नाही. पण मी दोराला हात लावला नाही. सद्गुणामुळं नाही, जमादारांच्या भीतीमुळं. मी दोन्ही हात मांडीखाली घालून बसलो आणि मनातल्या मनात मारुतीला म्हणालो, तूच काय ते बघ.

आणि सासन्यांच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून धूर निघाला.

तो पांढरा होता. आज हे लिहिताना मला काडीची शंका नाही. पांढरा, दाट, ओल्या शेण्यांचा धूर. शिकाऊ माणसानंही दुर्लक्ष केलं असतं. पण मी तो बघितला आणि माझ्या डोळ्यांना तो आधी करडा दिसला, मग जरा काळपट, आणि मग मी उठलो आणि घंटा अशी बडवली की खाली जमादारांच्या हातातला चहा सांडला.

बंब गेले कित्येक दिवस बाहेर पडला नव्हता. जमादारांचा हात शिवशिवत होता. त्यांनी पाइप थेट खिडकीतून आत सोडला. स्वयंपाकघरातून ते पाणी माजघरात गेलं, आणि माजघरात पाहुणे पोह्यांच्या बश्या हातात घेऊन बसले होते. पाणी हौदातलं, आणि हौद सणासुदीलाच धुतला जायचा. मिरजेचा तो टेरिलिनचा शर्ट शेवाळी होऊन बाहेर पडला. आत्याबाई पायरीवर उभं राहून ओरडल्या, “पयल्याच पावलाला पाणी! असलं सोयरपण नगं गं बया!” आणि सगळे टांग्यात बसून स्टँडकडं गेले.

दुसऱ्या दिवशी बंबखान्यातच चौकशी बसली. नगरपालिकेचे मुख्याधिकारी कमानीखाली खुर्ची टाकून बसले. सासनेअण्णा एका बाजूला, शालन त्यांच्या मागं पदर घेऊन उभी. पेठेतली निम्मी माणसं दारात.

“पेटलं काय होतं?” साहेबांनी जमादारांना विचारलं.

जमादार खोटं बोलणारे नव्हते. “मला तर काय दिसलं न्हाई साहेब. चुलीत ओल्या शेण्या हुत्या.”

“मग घंटा का वाजली?”

“धूर बघून. पर साहेब, धुरात बी फरक असतो,” असं म्हणून जमादारांनी सगळं शास्त्र साहेबांना ऐकवलं. निळा भाकरीचा, पांढरा ओल्या जळणाचा, काळा रॉकेल-कापडाचा, आणि घंटा फक्त काळ्याला. दारातल्या माणसांनाही ते नवीन होतं. सगळे कान देऊन ऐकत होते.

साहेब माझ्याकडं वळले. “भोपळे, धूर कोणत्या रंगाचा होता? नीट आठवून सांगा. तुमची नोकरी त्यावर आहे.”

“काळा, साहेब,” मी म्हणालो. माझा मलाच तो आवाज परका वाटला.

जमादारांनी डोळे मिटून घेतले. साहेबांनी शालनला पुढं बोलावलं. “बाई, तुम्ही स्वयंपाकघरात होता. कसा होता धूर?”

शालननं मान वर केली. “काळाच हुता. चुलीजवळचा पडदा पेटला हुता. बंब यायच्या आत मीच इझवला.”

झालं. चौकशी संपली, नोकरी राहिली, साहेब उठले. मी मात्र तिथून जमिनीवर पाय न ठेवता वर गेलो. त्या दिवशी शिडी चढताना मला पहिल्यांदाच भीती वाटली नाही.

कारण मी काय समजायचं ते समजलो होतो. धूर पांढरा होता हे मला माहीत होतं. तो पांढरा होता हे तिलाही माहीत होतं. मी काळा म्हणालो, ती काळा म्हणाली. भर पेठेत, बापासमोर, साहेबांसमोर ती माझ्यासाठी खोटं बोलली! आणखी पुढं विचार केला तेव्हा तर मी उडालोच. पाहुणे घरात असताना शेण्या ओल्या कशा निघाल्या? कुणी ओल्या केल्या? धूर कुणाला दिसावा म्हणून? मनोऱ्यावर कोण असतं? चार पायऱ्यांचं हे गणित मी एकट्यानं सोडवलं आणि उत्तर आलं सर्जेराव भोपळे. पूर्वी शाळेत माझं एकही उत्तर बरोबर आलं नव्हतं, त्यामुळं मला जास्तच आनंद झाला.

जमादारांना सांगितलं तेव्हा त्यांनी विडी पेटवली. मग म्हणाले, “तू सातवी पास. ती अकरावी.”

“ती माझ्यासाठी खोटं बोलली, जमादार.”

“हं.” त्यांनी विडी विझवली. त्यांना मुलगा नव्हता आणि माझे वडील गेलेले. “बघतो सासन्याला इचारून. न्हाई म्हणाला तर पुन्हा माझ्याम्होरं नाव काढायचं न्हाई.”

सासनेअण्णा नाही म्हणाले नाहीत. त्या बंबाच्या प्रकरणानंतर पेठेत एकच थट्टा चालली होती. सासन्यांच्यात मुलगी बघायला जाताना छत्री न्यावी, असं कुणीतरी म्हटलं आणि ते कुरुंदवाडपासून मिरजेपर्यंत पोचलं. आलेली दोन स्थळं परत फिरली. अण्णा जमादारांना म्हणाले म्हणे, “बंबवाला तर बंबवाला. घरातनं बाहीर पडू दे येकदा. डी.एड. डी.एड. म्हणून डोस्कं उठवलंय.”

ठरलं. मी सुट्टी काढली. मनोऱ्यावर रंगाला बसवला. नवा सदरा, केसाला तेल, खिशात रुमाल. जमादारांनी कोट घातला होता. त्यांच्या अंगावर तो कोट मी एवढाच एकदा पाहिला.

माजघर अजून ओलसर होतं. भिंतीला पाण्याची रेघ दिसत होती, तीही आमचीच कृपा. आम्ही बसलो. शालन पोह्यांच्या बश्या घेऊन आली, ठेवल्या, समोर बसली. एवढ्या जवळून मी तिला त्यापूर्वी चौकशीतच पाहिलं होतं, आणि तेव्हा मला नीट दिसत नव्हतं. मी तिच्याकडं पाहून किंचित हसलो. आपल्या दोघांनाच माहीत आहे, असं ते हसू होतं. ती हसली नाही. लाजत असेल, असं मी म्हटलं.

“नाव सांग बाळ,” जमादार म्हणाले.

“शालन निवृत्ती सासने.”

“शिक्षण?”

“अकरावी पास. डी.एड. करायचंय.”

“करायचं हुतं,” अण्णा म्हणाले.

“करायचंय,” ती म्हणाली.

अण्णांचा चेहरा लाल झाला. “जा, चहा आण,” ते म्हणाले. ती उठली, आत गेली, दार लोटून घेतलं.

जमादार माझ्या कानाशी लागले. “पोरगी तिखट हाय रं. झेपंल का तुला?”

“ती तशी बाहेरून आहे,” मी म्हणालो. मला सगळं माहीत होतं ना!

अण्णा हुंड्याचं बोलू लागले, जमादारांनी ते हातानंच थांबवलं. आणि मग मला वास आला. रॉकेलचा. स्वयंपाकघराच्या दाराच्या फटीतून धूर बाहेर येत होता.

काळा.

जमादार उभे राहिले. “सर्ज्या, ऊठ की!” ते ओरडले. “बघतोस काय? पोरगी आत हाय!”

मी उठलो. सांगायला लाज वाटते, पण उठताना मला भीतीआधी आनंद झाला. अशी संधी कुणाला मिळते? वधूपरीक्षेला गेलेला फायरमन आणि आत आग. मी विझवणार, तिला हाताला धरून बाहेर आणणार, जमादार टाळ्या वाजवणार. “कुणी पुढं येऊ नका! धोका आहे!” असं मी ठसक्यात म्हणालो. तसा आवाज माझ्या गळ्यातून पुन्हा कधी निघाला नाही. दार उघडून मी आत गेलो आणि मागं कडी लावली.

शालन चुलीपाशी नव्हती. खिडकीखाली मोरीच्या फरशीवर लोखंडी घमेलं ठेवलेलं होतं, त्यात रॉकेलात भिजवलेल्या चिंध्या पेटत होत्या आणि ती शांतपणे बाजूला उभी राहून सुपानं धूर खिडकीकडं हाकत होती. पाण्याची भरलेली घागर हाताशी होती. मी घागरीकडं धावलो.

“इझवू नका,” ती म्हणाली.

मी घागर उचललेली होती. ती तशीच धरून उभा राहिलो. इतक्या वर्षांच्या नोकरीत मला हे कुणी म्हटलं नाही, ना त्याआधी, ना त्यानंतर.

“पाया पडते. इझवू नका,” ती पुन्हा म्हणाली. “मागल्या बारीला ओल्या शेण्या घातल्या. नशीब म्हणून घंटा झाली. चौकशीत कळलं, घंटा काळ्यालाच करत्यात. म्हणून आज रॉकेल घेतलं. बंब आला की मोडंल सगळं.”

माझं डोकं हळू चालतं. “मागल्या वेळी,” मी म्हणालो, “तो धूर... मला दिसावा म्हणून केला होता ना?”

“बंबवाल्यास्नी दिसावा म्हणून.”

“मनोऱ्यावर मी होतो.”

“व्हय? तुम्ही असता?” तिनं माझ्याकडं नीट बघितलं. “वर कायतरी चकाकतंय, त्यो तुमचा टोप व्हय? आमी समजायचो वर हंडा ठिवलाय.”

मला आठवतंय, त्या क्षणी धूर डोळ्यांत जात होता ही एक बरी गोष्ट झाली. डोळ्यांतून पाणी आलं तरी कुणी काही म्हणणार नव्हतं.

“चौकशीत तू काळा म्हणालीस ते?”

“पांढरा म्हणले असते तर शेण्या कुणी भिजवल्या ते निघालं असतं.” मग ती थांबली. तिच्या लक्षात काहीतरी आलं असावं. “तुमास्नी काय वाटलं हुतं?”

“काही नाही,” मी म्हणालो.

बाहेर अण्णा दार वाजवत होते. चिंध्या विझत आल्या होत्या. धूर पातळ होऊ लागला होता आणि घंटा अजून झाली नव्हती. शालन सूप जोरानं हलवत होती आणि पुन्हा पुन्हा खिडकीतून मनोऱ्याकडं बघत होती. पहिल्यांदाच मला ती घाबरलेली दिसली. ती इतकी एकटी होती, आणि मी वरून रोज बघत असून मला ते दिसलं नव्हतं. मला फक्त मी दिसत होतो.

मी घागर खाली ठेवली.

“असं नाही,” मी म्हणालो. “वर रंगा आहे. त्याला लांबचं कमी दिसतं. रॉकेल आहे का अजून? आण. आणि खिडकीची दुसरी फळी उघड, धूर एका लोळानं गेला पाहिजे. सरक मागं, पदर सांभाळ.”

माझ्या सगळ्या नोकरीत मी हाताखाली वाढवलेली ती एकुलती एक आग. बरी वाढली होती. धुराचा लोळ खिडकीतून सरळ वर गेला, काळा कुळकुळीत, आणि मनोऱ्यावरून घंटेचा आवाज आला.

“आता कोपऱ्यात उभी राहा,” मी म्हणालो. “पाणी समोरून येतं.”

जमादार माजघरात असल्यामुळं पाइप रंगानं धरला होता. मनोऱ्यावरून उतरून तो धावत आला होता आणि खिडकीत त्याला पहिल्यांदा मी दिसलो. त्यानं आग सोडून आधी मलाच विझवलं, असं माझं अजूनही मत आहे. घमेलं उलटलं, तेलाचा हात फिरवलेले माझे केस कपाळावर आले, नवा सदरा अंगाला चिकटला. मी कडी काढली तसं पाणी माजघरात घुसलं. जमादारांच्या कोटानंही त्या दिवशी पहिल्यांदा पाणी पाहिलं.

एवढं सगळं झालं आणि मग कळलं, की शालनचा हिशेब चुकला होता. मिरजेचे पाहुणे पाण्याला भ्यायले होते. आम्ही बंबातली माणसं. आम्ही पळणार कुठं?

सासनेअण्णा दाराशी निथळत उभे होते. त्यांनी हात जोडले. “भोपळे, झालं ते झालं. आगीचं तुमास्नी काय नवल हाय? तुमचा तर धंदाच त्यो. पोरगी पसंत हाय न्हवं? तेवढं सांगा, आत्ता सुपारी फोडू.”

जमादार माझ्याकडं बघत होते. दारात पेठ जमली होती. आणि स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर शालन उभी होती. तिच्या चेहऱ्यावरचं काळं पाण्यानं ओघळलं होतं. बोलण्यासारखं आत बोलून झालं होतं. आता तिचं कोल्हापूर माझ्या एका शब्दावर होतं, आणि तो शब्द उच्चारायला मी किती दिवस मनोऱ्यावर तालीम करत होतो!

“पसंत नाही,” मी म्हणालो.

अण्णांना ऐकू आलं नाही असं वाटलं. “काय?”

“पसंत नाही, अण्णा.”

“का? काय वाईट हाय पोरीत?”

कारण काय सांगायचं, याचा मी विचारच केला नव्हता. काहीही वावगं म्हटलं असतं तर ते तिला जन्मभर चिकटलं असतं. मी उभा राहून निथळत राहिलो आणि मग तोंडातून जे आलं ते आलं.

“शिक्षण कमी पडतंय,” मी म्हणालो. “अकरावी म्हणजे काय, आजकाल कुणीही असतं. मला डी.एड. झालेली पाहिजे.”

आधी रंगा हसला. खिडकीबाहेर पाइप धरून तो असा हसला की त्याच्या हातातलं पाणी छपरावर गेलं. मग सगळे हसले. सातवी पास बंबवाला, केसातून पाणी गळतंय, आणि मागतोय डी.एड.ची बायको! जमादार मात्र हसले नाहीत. त्यांनी माझ्याकडं बघितलं, मग शालनकडं बघितलं, आणि खाली बसून कोट पिळू लागले.

“चल नीघ!” अण्णा गरजले. “नीघ माझ्या घरातनं! सातवी पास भिकारडा मला शिक्षाण सांगतोय! माझ्या पोरीला कमी म्हणतोस? डी.एड. करून दावतो तिला! मग ये दारात, उंबऱ्याला शिवू देणार न्हाई तुला!”

“बरं,” मी म्हणालो, आणि निघालो.

पेठेत माझं नाव डी.एड. भोपळे पडलं, ते निवृत्त होईपर्यंत टिकलं. पुन्हा चौकशी बसली. साहेबांनी विचारलं, “तुम्ही आत होता, हाताशी घागर होती, मग विझवलं का नाही?” मी म्हणालो, “सुट्टीवर होतो, साहेब.” त्यांनी मला मनोऱ्यावरून काढलं आणि हौदावर पाइप धुवायला लावलं. रंगाला कायमचा वर बसवला.

अण्णा शब्दाचे पक्के निघाले. जूनमध्ये ते शालनला घेऊन स्टँडकडं निघाले ते मी हौदातूनच पाहिलं. अण्णांच्या डोक्यावर ट्रंक, तिच्या हातात पिशवी. बंबखान्यासमोर आल्यावर ती थांबली. मी तिच्यापासून हाताच्या अंतरावर होतो, पण ओणवा, गुडघ्यापर्यंत शेवाळात, पाठमोरा, खांद्यावरून चोरून बघत. तिनं वर मनोऱ्याकडं पाहिलं. बाप पुढं गेलाय याची खात्री केली, आणि हात वर करून हलवला. नीट, थांबून हलवला. तिचे डोळे भरले होते ते मला खालून दिसलं.

मी उठून उभं राहायला हवं होतं. पण मला वाटलं, इतक्या चांगल्या हात हलवण्यात आपला असा अवतार कशाला दाखवायचा?

वरून रंगानं खुशाल हात हलवला.

संध्याकाळी खाली उतरल्यावर तो म्हणाला, “सर्ज्या, ती सासन्याची पोरगी मला का रं हात करत हुती?”

“मनोऱ्याला केला असेल,” मी म्हणालो आणि पाइप उन्हात पसरायला घेतला.